भीमाकाठ ते ख्रिस्तायन: लक्ष्मीबाई टिळकांचे भक्तिकाव्य

मराठी ख्रिस्ती भक्तिकाव्यात ज्या स्त्रीचे काम सर्वांत मोठे आहे, त्या लक्ष्मीबाई टिळक मराठी वाचकाला ओळखीच्या आहेत त्या ‘स्मृतिचित्रे’मुळे. त्या आत्मचरित्राची कीर्ती एवढी झाली की लक्ष्मीबाई कवयित्रीही होत्या, त्यांनी भक्तिपर कविता लिहिल्या आणि येशूच्या चरित्रावरच्या महाकाव्याचे चौसष्ट अध्याय रचले, ही गोष्ट मागे पडली. या कवितेची सुरुवात सुखाच्या दिवसांत झाली नाही. नवरा धर्म सोडून गेलेला, पदरात लहान मूल आणि सभोवताली भीमेकाठचे पंढरपूर, अशा काळाशी ती जोडलेली आहे.

लक्ष्मीबाईंचा जन्म १ जून १८६८ रोजी नाशिकजवळच्या जलालपूर गावी गोखल्यांच्या घरी झाला. माहेरचे नाव मनकर्णिका, घरात हाक ‘मनू’. आईच्या वडिलांना १८५७ च्या धामधुमीत फाशी झाली होती. त्या धक्क्यानंतर मनूच्या वडिलांनी सोवळ्याओवळ्याचे विलक्षण वेड घेतले. बाजारातून आलेला जिन्नस धुतल्याशिवाय घरात येत नसे आणि मीठ-साखरेसारख्या वस्तूंचीही त्यातून सुटका नव्हती. आईने सोसायचे, मुलांनी धाकात वाढायचे, असा संसार. विटाळाच्या या धास्तीतून निघालेली मुलगी पुढे सर्व जातींच्या माणसांसोबत एका पंक्तीला बसली. म्हणूनच तिच्या भक्तीचा विचार करताना हे धुतलेले मीठ विसरता येत नाही.

अकराव्या-बाराव्या वर्षी, १८८० साली, मनूचे लग्न नारायण वामन टिळकांशी झाले आणि ती लक्ष्मी झाली. टिळक कोकणातले, दापोलीकडच्या करजगावचे. संस्कृतचा गाढा व्यासंग, हजरजबाबी वाणी, जागच्या जागी कविता रचण्याची हातोटी आणि घरात टिकून न राहणारा स्वभाव. एके दिवशी उठून निघून जायचे, महिनोन्‌महिने पत्ता नाही, आणि मग अचानक दारात उभे राहायचे, हे लक्ष्मीबाईंच्या अंगवळणी पडले होते. बायकोला शिकवायचे हा टिळकांचा हट्ट होता, पण धीर कमी. मनासारखे जमले नाही की शिकवणी तिथेच थांबे. त्यातून लक्ष्मीबाईंना मराठी वाचण्यापुरती अक्षरओळख झाली. त्यापुढचे शालेय शिक्षण त्यांच्या वाट्याला कधीच आले नाही. जोडाक्षरे त्यांना आयुष्यभर अडवत राहिली.

नागपुरात टिळकांना अप्पासाहेब बुटी यांचा आश्रय मिळाला आणि तिथे त्यांनी ‘ऋषी’ नावाचे मासिक चालवले. १८९३ साली नागपूरहून राजनांदगावला जाताना आगगाडीच्या डब्यात एका युरोपीय गृहस्थाची गाठ पडली आणि त्याने बायबलमधला नवा करार टिळकांच्या हाती दिला. टिळकांच्या मनात धर्माविषयीचे मंथन आधीपासून चालू होतेच. दोन वर्षांनी, १० फेब्रुवारी १८९५ रोजी, त्यांनी मुंबईत बाप्तिस्मा घेतला.

ही बातमी घरी पोचली तेव्हा लक्ष्मीबाई सव्वीस वर्षांच्या होत्या आणि मुलगा दत्तू जेमतेम चार वर्षांचा. त्या काळच्या ब्राह्मण घरात याचा अर्थ एकच होता. नवरा जिवंत असून नसल्यासारखा झाला. कुंकू पुसायचे नाही आणि संसारही करायचा नाही. नातेवाइकांनी त्यांना सांभाळले, आणि सांभाळताना पहाराही ठेवला. ताटातुटीची ही सुमारे पाच वर्षे निरनिराळ्या ठिकाणी गेली. त्यातला काही काळ त्या पंढरपुरात होत्या.

त्या वेळचे पंढरपूर आजच्याइतके जवळ नव्हते. मुंबई-सोलापूर लोहमार्गावर बार्शी रोड, म्हणजे आजचे कुर्डुवाडी स्टेशन लागे. तिथे उतरून पुढची वाट टांग्याने किंवा बैलगाडीने कापावी लागे. पंढरपूरपर्यंत छोटी गाडी आली ती १९०६ मध्ये. भीमेवर त्या वेळी मोठे धरण नव्हते. पावसाळ्यात नदी दुथडी भरून वाहे आणि उन्हाळ्यात चंद्रभागेच्या वाळवंटातून माणसे चालत पलीकडे जात. माढा तालुक्यात उजनी गावाजवळ धरण बांधून पूर्ण झाले ते १९८० साली. त्याच्या जलाशयाखाली करमाळा, माढा, इंदापूर तालुक्यांतली भीमाकाठची कित्येक गावे गेली आणि नवी गावठाणे वरच्या अंगाला वसली. आज आषाढीला चंद्रभागेत स्नानापुरते पाणी हवे असेल तर ते उजनीतून सोडावे लागते. लक्ष्मीबाईंनी पाहिलेली भीमा ही त्याआधीची, आभाळावर अवलंबून असलेली नदी होती.

आज उजनीच्या पाण्याकाठी असलेला हा टापू त्या काळीही वारीच्या वाटांनी बांधलेला होता. त्र्यंबकेश्वराहून निघणारी संत निवृत्तिनाथांची पालखी नाशिक, नगर, करमाळा अशी मजल दरमजल करत भीमेच्या डाव्या काठाने पंढरपुराला येते. लक्ष्मीबाईंचे आयुष्यही याच वाटेवरच्या तीन मुक्कामांवर उभे आहे. जन्म नाशिकजवळ, दुःखाचा काळ पंढरपुरात, आणि नवा संसार नगरला. त्या वारकरी घराण्यातल्या नव्हत्या. पण अभंग आणि ओवी ज्या वाटेने गावोगावी पोचली, ती वाट त्यांच्या पायाखालची होती, आणि त्यांच्या पुढच्या काव्याकडे पाहताना याचे महत्त्व फार आहे.

या भूमीत बाईने देवाशी थेट बोलण्याची रीत जुनी आहे. पंढरपुरालगतच्या गोपाळपूरला जनाबाईचे जाते आजही दाखवतात. मंगळवेढ्याची कान्होपात्रा याच परिसरातली आणि चोखोबांच्या घरातल्या सोयराबाईचे अभंगही याच भक्तिपरंपरेतले. संतकवयित्रींची नावे पोथ्यांमध्ये राहिली. बाकीच्या बायकांचे गाणे पहाटेच्या जात्यावर राहिले. घरोघरी बायका दळताना ओव्या म्हणत आणि त्यांत माहेर, सासर, विठ्ठल, भाऊ, पाऊस असे सगळे येई. अक्षर न वाचता कविता करण्याची ही शाळा होती. तिच्यात यायला कुठल्याही मुलीला बंदी नव्हती, कारण तिथे पाटी लागत नसे.

विरहाच्या या काळातच लक्ष्मीबाईंच्या दुःखाला कवितेची वाट सापडली. नवऱ्याने सोडल्याचा राग, त्याच्याविषयीची ओढ, लोकांच्या बोलण्याचा जाच आणि मुलाची काळजी हे सारे त्यांत होते. टिळक पत्रे पाठवत आणि परत येण्याची विनवणी करत. लक्ष्मीबाईंना धर्म सोडायचा नव्हता, आणि नवराही सोडवत नव्हता. टिळकांनी अट घातली नाही, ही त्यांच्या मोठेपणाची गोष्ट. लक्ष्मीबाईंनी हिंदूच राहावे, वेगळी चूल मांडावी, आपले सोवळे सांभाळावे, फक्त जवळ यावे, एवढेच त्यांचे मागणे होते.

शेवटी लक्ष्मीबाई नगरला गेल्या. अमेरिकन मराठी मिशनचे काम १८३१ पासून तिथे चालू होते आणि टिळक मिशनच्या धर्मशिक्षणाच्या शाळेत शिकवत होते. एकाच गावात नवरा ख्रिस्ती आणि बायको सोवळ्यातली ब्राह्मण. पाणी वेगळे, स्वयंपाक वेगळा. लक्ष्मीबाईंच्या मनाचे बदलणे ‘स्मृतिचित्रे’त सविस्तर आले आहे आणि ते वाचताना जाणवते की त्यांना आधी सुटका हवी होती ती जातीच्या विटाळातून. येशूची ओळख त्यानंतरची. जात देवाने केली की माणसाने, हा प्रश्न त्यांनी स्वतःलाच विचारला आणि उत्तर मिळाल्यावर कोणाच्याही हातचे पाणी घ्यायचे ठरवले. वडिलांच्या घरात मीठ धुतले जाई. लेकीने ती सगळी भीती एका दिवसात बाजूला ठेवली. १९०० साली त्यांचा बाप्तिस्मा झाला. कोणी वादात हरवल्यामुळे त्या ख्रिस्ती झाल्या नाहीत. स्वतःच्या अनुभवाने, पायरी पायरीने त्या तिथवर आल्या.

त्या सुमाराला मराठी ख्रिस्ती मंडळ्यांची स्थिती काय होती, हे पाहिल्याशिवाय टिळक दांपत्याच्या गीतांचे मोल कळत नाही. १८७६-७७ चा आणि १८९९-१९०० चा असे दोन मोठे दुष्काळ नगर-सोलापूरच्या कोरडवाहू पट्ट्याने सोसले होते. सोलापुरात अमेरिकन मराठी मिशनचे ठाणे १८६० च्या दशकातच सुरू झाले होते. मंडळ्यांत आलेली माणसे बहुतांशी महार आणि मांग समाजातली होती. ती आपले गाणे सोबत घेऊन आली. एकतारी, टाळ, खंजिरी, भजनाची बैठक हे सगळे त्यांच्या हाडीमाशी भिनलेले होते. चर्चमध्ये मात्र त्यांना बरीचशी इंग्रजीवरून भाषांतरित झालेली, परदेशी चालींवर बसवलेली गीते म्हणावी लागत. शब्द मराठी आणि सूर परका. गळा त्यात मोकळा होत नसे. नगरच्या कृष्णराव सांगळे यांनी ख्रिस्ती कीर्तनाचा पाया घालून आणि देशी चालींची पदे लिहून ही कोंडी फोडायला सुरुवात केली होती. टिळकांनी ती पूर्ण फोडली. अभंग, ओवी, पद, आरती अशा सगळ्या रूपांत त्यांनी शेकडो भक्तिगीते लिहिली आणि मराठी चर्चचे गाणे त्यांच्या नावाने ओळखले जाऊ लागले. तुकोबांच्या पुलावरून आपण येशूपर्यंत आलो, असे ते उघड सांगत.

या घरात कविता हा रोजचा व्यवहार होता. १९०७ मध्ये जळगावला भरलेल्या कविसंमेलनात त्र्यंबक बापूजी ठोमरे हा कोवळा मुलगा ‘बालकवी’ ठरला. त्यानंतर तो टिळकांच्या घरी राहिला, तेव्हा लक्ष्मीबाईंनी त्याला पोटच्या पोरासारखे जपले. शिवाय घर अनाथ मुलांनी भरलेले असे. कोणी दुष्काळातून आलेले, कोणी प्लेगमधून उरलेले. प्लेगच्या साथीत लक्ष्मीबाईंनी आजाऱ्यांची शुश्रूषा केली. पगार अपुरा आणि टिळकांचा हात सैल, त्यामुळे महिनाअखेर जुळवायची ती लक्ष्मीबाईंनी. अशा धबडग्यात त्यांची स्वतःची कविता चालू राहिली. ‘भरली घागर’ आणि ‘करंज्यांतील मोदक’ ही त्यांच्या कवितांची शीर्षकेच सांगतात की त्यांचा शब्द पाणवठ्यावरून आणि स्वयंपाकघरातून आलेला आहे. टिळकांच्या कवितेला संस्कृत पंडिताचा पाठिंबा होता. लक्ष्मीबाईंच्या कवितेला बोलण्याचा पाठिंबा होता. मराठी बाई दारात उभी राहून जसे बोलते, तसे सरळ, ठसकेबाज आणि मध्येच डोळ्यांत पाणी आणणारे ते बोलणे आहे.

टिळकांच्या मनात १९०९ पासून एक मोठा संकल्प होता. रामाची कथा रामायणात आली, तशी येशूची संपूर्ण कथा मराठी ओवीत बांधायची. काव्याचे नाव ठरले ‘ख्रिस्तायन’. कल्पनेला मराठीत एक थोर पूर्वज आहे. १५७९ मध्ये गोव्यात आलेल्या थॉमस स्टीफन्स या इंग्रज जेझुइट पाद्र्याने सासष्टीत राहून मराठी आत्मसात केली आणि सुमारे अकरा हजार ओव्यांचे ‘क्रिस्तपुराण’ रचले. ते १६१६ साली राचोल येथे छापले गेले. स्टीफन्ससमोर गोव्यातले नवख्रिस्ती होते. त्यांना पुराण ऐकायची सवय होती आणि नव्या धर्मात त्यांना तसे पुराण हवे होते. तीनशे वर्षांनी नगरच्या मंडळ्यांची गरज तीच होती. रात्री देवळासमोर पोथी लावून ऐकण्याची सवय असलेल्या माणसाला येशूचे चरित्रही पोथीसारखे ऐकायचे असते.

ओवी निवडण्यात दूरदृष्टी होती. ग्रंथातल्या ओवीचे पहिले तीन चरण यमकाने बांधलेले आणि चौथा आखूड, मोकळा. कथा सांगताना ती अडत नाही. संवाद, वर्णन, उपदेश यांपैकी काहीही तिच्यात बसते आणि ऐकणारा पुढच्या ओवीकडे ओढला जातो. ज्ञानेश्वरी, एकनाथी भागवत आणि मुक्तेश्वरांचे महाभारत याच छंदात आहेत. गावातल्या माणसाच्या कानाला ओवी ऐकताच कळते की आता देवाचे बोलणे चालले आहे.

टिळकांच्या हातून मात्र दहा अध्यायांपर्यंतच काम झाले. १९१२ पासून ‘ज्ञानोदय’ या नियतकालिकाच्या मराठी विभागाचे संपादन त्यांच्याकडे होते. ‘बालबोधमेवा’ या मुलांच्या मासिकासाठी लेखन होते, प्रवचने आणि प्रवास होते. १९१७ मध्ये त्यांनी मिशनची नोकरी सोडली आणि साताऱ्यात ‘देवाचा दरबार’ उभा करायला घेतला. बाप्तिस्मा घेतलेले आणि न घेतलेले असे येशूचे सारे भक्त त्यात एकत्र यावेत, ही त्यांची कल्पना. ती आकाराला येण्याआधीच ९ मे १९१९ रोजी मुंबईत त्यांचे निधन झाले. ‘ख्रिस्तायन’ अर्धवटच राहिले.

वैधव्यात लक्ष्मीबाईंना पुन्हा उभे राहावे लागले. मुंबईत मिशनच्या मुलींच्या वसतिगृहात त्यांनी मेट्रन म्हणून काम केले. पुढे मुलाच्या संसारासोबत काही काळ कराचीत गेला आणि अखेरची वर्षे नाशिकला. मुलगा देवदत्त, म्हणजे लहानपणीचा दत्तू, वडिलांचे चरित्र लिहिण्याच्या तयारीत होता. त्याने आईला टिळकांच्या आठवणी लिहून द्यायला सांगितल्या. त्या आठवणी ‘संजीवनी’ या नियतकालिकात येऊ लागल्या आणि वाचकांनी त्या उचलून धरल्या. त्यांचीच ‘स्मृतिचित्रे’ झाली. पहिला भाग १९३४ मध्ये निघाला आणि एकूण चार भाग झाले. चौथा त्यांच्या मृत्यूनंतरचा आणि अपुरा.

आठवणींचे लेखन आणि ‘ख्रिस्तायन’ ही दोन्ही कामे उतारवयातली. टिळकांनी जिथे सोडले होते तिथून लक्ष्मीबाईंनी धागा उचलला आणि चौसष्ट अध्याय रचले. नवऱ्याच्या भागाच्या सहापटीहून अधिक हा भाग आहे. ज्या माणसाने त्यांना अक्षर शिकवताना धीर सोडला होता, त्याचेच अपुरे काव्य त्या पुढे नेत होत्या. ‘ख्रिस्तायन’चा विचार होतो तेव्हा टिळकांचे नाव आधी येते, कारण संकल्प त्यांचा. पण ग्रंथाचा देह लक्ष्मीबाईंच्या हातचा आहे, आणि तो तसा मानला गेला पाहिजे. मराठीत एका स्त्रीने एवढ्या विस्ताराची कथा ओवीबद्ध केल्याची उदाहरणे फार थोडी आहेत.

त्यांनी हे कसे पेलले असेल, याचे उत्तर त्यांच्या घडणीत आहे. शास्त्री-पंडितांचे व्याकरण त्यांच्याजवळ नव्हते, पण पोथ्या ऐकलेला कान होता. ताटातुटीच्या वर्षांत दुःख ओळीत बसवायची सवय झाली होती आणि टिळकांसोबतच्या जवळजवळ दोन दशकांत बायबल रोजचे झाले होते. येशूच्या चरित्रात विहिरीवर पाणी भरायला आलेली शोमरोनी बाई आहे. यहुदी तिच्या हातचे पाणी घेत नसत आणि येशू तिच्याकडे पाणी मागतो. मार्था स्वयंपाकघरात राबते आणि मरिया पायाशी बसून ऐकते. एकुलता एक मुलगा गेलेली नाईनची विधवा आहे. पाणवठा, चूल, विटाळ आणि वैधव्य या चारही गोष्टी लक्ष्मीबाईंनी पुस्तकातून शिकलेल्या नव्हत्या. शुभवर्तमानातल्या बायका त्यांना परक्या देशातल्या वाटाव्यात, असे त्यात काहीच नव्हते.

मानसन्मान उशिरा आले, पण त्यांच्या डोळ्यांदेखत आले. १९३३ मध्ये नागपूरच्या मराठी ख्रिस्ती साहित्य संमेलनाचे अध्यक्षपद त्यांना मिळाले. पंचविशी ओलांडेपर्यंत ज्यांनी वाचण्यापलीकडे फारसे काही केले नव्हते, त्या वयाच्या पासष्टाव्या वर्षी लेखकांच्या सभेत अध्यक्षस्थानी बसल्या. १९३५ मध्ये नाशिकात त्यांचा जाहीर सत्कार झाला. २४ फेब्रुवारी १९३६ रोजी नाशिक येथेच त्या वारल्या. पूर्ण झालेले ‘ख्रिस्तायन’ छापून बाहेर आले ते १९३८ साली.

त्यानंतर ‘स्मृतिचित्रे’ पुढे गेली आणि काव्य मागे राहिले. आत्मचरित्राचे जोसेफिन इंकस्टर यांनी केलेले इंग्रजी भाषांतर १९५० मध्ये आले, शांता गोखले यांचे २०१७ मध्ये. नातू अशोक टिळक यांनी संपादित केलेली साक्षेपी आवृत्ती १९८९ ची. कवितांचा संग्रह ‘भरली घागर’ निघाला तो १९५१ मध्ये, म्हणजे कवयित्रीच्या पश्चात पंधरा वर्षांनी. ‘ख्रिस्तायन’ चर्चच्या आणि अभ्यासकांच्या वर्तुळातच राहिले. विद्यापीठांच्या अभ्यासक्रमांत संतकवयित्रींनंतर थेट आधुनिक कवयित्री येतात आणि मधल्या काळात ओवी घेऊन चाललेली ही बाई सुटून जाते. ख्रिस्ती असल्यामुळे मराठी भक्तिकाव्याच्या इतिहासात तिला जागा नाही आणि भक्तिकाव्य असल्यामुळे आधुनिक कवितेच्या इतिहासातही नाही. ही उणीव अभ्यासकांनी भरून काढायची आहे.

टिळकांच्या अभंगांचे तसे झाले नाही. नगर, सोलापूर, पुणे, मुंबईच्या मंडळ्यांत ती गीते रविवारच्या उपासनेत टाळ, पेटी आणि तबल्यावर गायली जातात. मराठी चर्चचे गाणे देशी झाले ते या एका घरामुळे, आणि त्या घराचा प्रपंच जिने चालवला, तिने त्या गाण्यात स्वतःची भरही घातली. पुढच्या पिढ्यांतल्या गीतकारांना अभंग किंवा ओवी ख्रिस्ती उपासनेत चालेल का, असे विचारावे लागले नाही.

भीमेकाठी आता ऊस उभा आहे, उजनीचे कालवे दोन्ही बाजूंना गेले आहेत, आणि जात्याची जागा गिरणीने घेतली आहे. जात्यावरच्या ओव्यांचे संकलन अभ्यासकांनी गावोगाव फिरून केले. सोलापूर आणि पुणे जिल्ह्यांतल्या म्हाताऱ्या बायकांच्या तोंडून जे मिळाले ते ध्वनिमुद्रित झाले. ‘ख्रिस्तायन’मधला लक्ष्मीबाईंचा भाग या ओव्यांशेजारी ठेवून वाचण्याचे काम मात्र बरेचसे बाकी आहे. त्यांची ओवी ज्ञानेश्वरीकडून किती आली आणि दळणाऱ्या बायकांकडून किती, हे त्याशिवाय नीट ठरवता येणार नाही.